उखळाचे ठोके ऐकणारा माणूस

आमचे मालक कोंबडीला अहोजाहो करायचे. "या बाई, बसा," म्हणून तिला मांडीवर घ्यायचे, मान कुरवाळायचे, आणि तिनं डोळे मिटले की आत घेऊन जायचे. बाहेर यायचे तेव्हा हात धुतलेले असायचे. "चांगल्या होत्या," एवढंच म्हणायचे आणि चुलीला लागायचे.

मालक म्हणजे आम्ही राहत होतो त्या खोलीचे मालक. सोलापुरात भवानी पेठेत त्यांची सहा खोल्यांची चाळ. मधे फरसबंद अंगण आणि अंगणात जमिनीत पुरलेलं दगडी उखळ. मी गिरणीत मागांच्या खात्यात होतो. लग्न नवीन होतं. मोठा दुष्काळ सरला त्याच्या पुढच्या साली आम्ही तिथं राहायला गेलो.

माझी बायको वारून आता पाच महिने झाले. सून म्हणाली, "मामा, नुसतं भिंतीकडं बघत बसताय. कायतरी लिवा की." मी चौथी शिकलेला माणूस, काय लिवणार? बायकोवर लिहायला बसलो तर हात चालेना. म्हणून मालकांवर लिहितो. ती त्यात येईलच. ते नसते तर ती मला दोनतीन वर्षंच मिळाली असती, चाळीसच्या वर मिळाली.

मालक मिसरूड फुटायच्या वयात आफ्रिकेत गेले आणि डोकं पांढरं झाल्यावर परत आले. तिकडं किसुमू म्हणून तळ्याकाठचं गाव आहे म्हणे, तिथं रेल्वेत होते. काम काय, तर चाकं ठोकायची. गाडी थांबली की लांब दांड्याची हातोडी घेऊन पहिल्या डब्यापासून शेवटच्या डब्यापर्यंत चालायचं, दर चाकावर एक ठोका द्यायचा आणि कान द्यायचा. चांगलं चाक घंटेसारखं वाजतं. तडा गेलेलं बसक्या आवाजात बोलतं. तडा डोळ्याला दिसत नाही, कानालाच कळतो. तो सुटला तर पुढं कुठंतरी घाटात गाडी उलटायची आणि माणसं मरायची. "तीस वर्षांत माझ्या कानाखालून एक चाक सुटलं नाही," हे ते अशा आवाजात सांगायचे, जसं आपण आज भाजी काय केली ते सांगतो.

ती हातोडी त्यांनी परत येताना आणली. दुसरं काय आणलं ते कुणाला दिसलं नाही. खाकी अर्धी चड्डी, अंगात बंडी, हातात हातोडी. पेठेत सगळे त्यांना हातोडीवालेच म्हणायचे. मंडईत गेले की कलिंगड ठोकायचे, कुंभाराकडं गेले की माठ ठोकायचे, नवीन बाज घेतली तर तिचे चारी पाय ठोकायचे. लोक हसायचे. मीही हसलो. मग एकदा पाच नंबरच्या खोलीत आमचे तेलुगू शेजारी होते, हातमागावर काम करणारे, त्यांच्या भिंतीवर मालकांनी जाताजाता टकटक केलं आणि म्हणाले, "पाळणा इथून हलवा. भिंत पोकळ बोलते." बाई हसली, पण पाळणा हलवला, कारण मालक तिथून हलेनात. आठ दिवसांनी त्या जागी गिलाव्याची ही एवढी खपली पडली, खाली पाटा होता त्याचे दोन तुकडे झाले. त्यानंतर चाळीत कुणी हसलं नाही. बाया मडकी घेऊन दारात उभ्या राहायला लागल्या, "मालक, हे बगा की जरा."

त्यांच्या घड्याळाचं वेगळंच होतं. सगळं सोलापूर गिरणीच्या भोंग्यावर उठायचं, जेवायचं, निजायचं. हा एक माणूस तिकडच्या घड्याळावर चालायचा. तिकडं म्हणे दिवस उगवला की तिथून तास मोजतात. आपले सकाळचे सात म्हणजे त्यांचा एक. नऊ म्हणजे तीन. एकदा नगरपालिकेचा माणूस आला, टेरिलीनचा शर्ट, बगलेत फाइल. मालक जेवत होते. म्हणाले, "उद्या एक वाजता या." तो दुसऱ्या दिवशी, रविवार असूनही, भर उन्हात दुपारी एकला आला, तर मालक घोरत होते. उठवलं तर त्याच्यावरच डाफरले, "सहा तास उशीर केलात! सरकारी माणूस ना तुम्ही?" तो बिचारा आपल्या मनगटावरचं घड्याळ कानाला लावून बघत होता. पण त्या दिवशी मालकांकडं कोंबडी शिजत होती. वास आला आणि त्याचा पाय निघेना. मालक म्हणाले, "जेवायचंय? मग शर्ट काढा." आणि त्या माणसानं शर्ट खुंटीला लावला, बनियनवर उखळाशी बसला आणि आपल्या वाटणीच्या शेंगा कुटल्या. मी डोळ्यानं पाहिलंय. भोवती बसलेल्या बाया तोंडाला पदर लावून खुसुखुसु करत होत्या.

कारण नियम होता. महिन्यातून एका रविवारी मालक कोंबडी करायचे, आणि जो जेवणार त्यानं आपल्या मुठीनं भाजलेले शेंगदाणे घ्यायचे आणि आपल्या हातानं कुटायचे. मग तो कुणी का असेना.

आता शेंगा कुटणं सोलापूरच्या माणसाला शिकवायला नको. आपल्याकडं चटणीशिवाय भाकरीच मोडत नाही. पण मालकांचं कुटणं आपण जिथं थांबतो तिथून पुढं सुरू व्हायचं. लसूण नाही, तिखट नाही, नुसते शेंगदाणे. आधी भुगा होतो, मग ओलसर होतो, मग गोळा होऊन मुसळाला चिकटतो. आपण म्हणतो झालं. ते म्हणायचे, "आता सुरुवात झाली." अजून कुटलं की तो गोळा सैल पडतो, चकाकतो, लोण्यासारखा होतो. इकडं शेगडीवर अंडी देऊन थकलेली गावरान कोंबडी मोठ्या तुकड्यांनी कांदा-टोमॅटो-आल्यात मंद शिजत असायची. त्यातलाच कढत रस्सा घेऊन ते लोणी सैल करायचं, पातेल्यात ओतायचं, आणि तळाला लागू नये म्हणून हलवत राहायचं. वर तेलाचा लालसर तवंग आला की झालं. मिरच्या दोन. त्याही अख्ख्या. सोलापुरात राहून अख्ख्या कोंबडीला दोन मिरच्या!

पहिल्या रविवारी माझ्या बायकोला दया आली. म्हाताऱ्याला बिचाऱ्याला स्वयंपाक येत नाही असं तिला वाटलं. ते अंगणाच्या दुसऱ्या टोकाला लाकडं बघत होते, तेवढ्यात तिनं हळूच झाकण उचललं आणि चमचाभर काळं तिखट टाकायला हात पुढं केला.

"झाकण ठेवा, बाई," पाठमोरे असूनच मालक म्हणाले. "आणि हातातलं तुमच्या डब्यात परत जाऊ दे."

ती दचकली. मग धीर करून म्हणाली, "अवो मालक, पर ह्यात तिकट कुटं हाय? मसाला कुटं हाय? आजाऱ्याचं जेवान हाय का ह्ये?"

"तिखट जिभेवर नाचतं आणि निघून जातं. हे पोटात जाऊन बसतं. बसायला वेळ द्या त्याला."

ज्वारीच्या पिठाचा उकळत्या पाण्यात शिजवलेला घट्ट गोळा आणि तो बदामी रस्सा. पहिल्या घासाला मला काहीच कळलं नाही. दुसऱ्याला कोंबडी लागली. तिसऱ्याला शेंग लागली, आणि मग मी वर बघितलंच नाही. बायको ताट बोटानं पुसत होती. "आजाऱ्याचं जेवण आवडलं का?" मालकांनी विचारलं. ती म्हणाली, "व्हय, मी आजारीच हाय आता, आनी वाडा." सगळे हसले. ती गंमतीत बोलली होती.

त्या दिवशी आणि त्याच्या पुढच्या रविवारांना माझी मूठ तिनं कुटली. मी साफ सांगितलं होतं, "बायकांची कामं मी करत न्हाय." ती पटकन म्हणाली, "द्या की, माझ्याबरूबर त्यांचं बी कुटते." मालकांनी माझ्या हाताकडं बघितलं. म्हणाले, "बरं. पण मूठ तुमचीच हवी." माझा हात हा असा मोठा. मी भरून मूठ घेतली आणि तिच्या पुढ्यात ओतली. हे मला आज आठवतं तेव्हा त्या हाताकडं बघवत नाही.

मालक दारात बाजेवर डोळे मिटून बसायचे, हातोडी मांडीवर. कुटणाऱ्याकडं बघायचे नाहीत. पण मधेच म्हणायचे, "पाच नंबर, आज भांडून आलात. जरा हळू." ती तेलुगू बाई जीभ चावायची. "आता भुगा झाला. आता तेल आलं. थांबा." जाऊन बघावं तर खरंच तेल आलेलं असायचं. भुग्यावर ठोका कोरडा पडतो, तेल सुटलं की बसतो, हे पुढं मलाही समजलं. पण ते वीस पावलांवरून, डोळे मिटून.

मग तो रविवार आला. थंडीचे दिवस. बायको कुटत होती. मालकांनी विचारलं, "का थांबलात, बाई?"

"काय न्हाय. पदर पडला."

परत कुटणं. परत, "का थांबलात?"

"काय न्हाय, मालक."

तिसऱ्यांदा त्यांनी विचारलं नाही. उठले, शेगडीवरचं पातेलं उचलून खाली ठेवलं आणि निखाऱ्यावर पाणी मारलं. सगळं अंगण धुरानं भरलं. म्हणाले, "आज जेवण नाही. आधी ह्यांना डॉक्टरला दाखवा. ह्यांच्यात तडा आहे."

माझं डोकं फिरलं. सगळ्यांसमोर माझ्या बायकोला तडा गेलेली म्हणाला. मी म्हणालो, "मालक, मी खोली तुमची घेतली हाय. बायको तुमच्या नावावर न्हाय केली. बायका दमत्यात. आमची आई बी दमायची. त्याला काय डाक्टर?"

"पदर दर आठ ठोक्यांना पडत नाही," मालक म्हणाले.

मी बायकोकडं बघितलं. ती मुसळाकडं बघत होती.

"मला तर काय आयकू आलं न्हाय," मी म्हणालो.

"येणार कसं? तुमचे कान गिरणीनं घेतले. आठ तास मागांच्या आवाजात उभे असता." ते माझ्याजवळ आले, माझं मनगट धरलं आणि मला खाली बसवलं, उखळापासून चार हातांवर. माझा तळहात उघडून फरशीवर दाबला. त्यांचा हात लोखंडासारखा होता. "हातानं ऐका. आमच्या तिकडं कान गेलेली माणसं अशीच ऐकतात. बाई, कुटा. माझ्यासाठी नको, ह्यांच्यासाठी कुटा. मोजा हो तुम्ही."

ती कुटायला लागली. फरशीतून ठोका हातात येत होता. एक. दोन. तीन. सरळ, जड, एकासारखा एक. पाच. सहा. सात हलका आला. आठवा यायला उशीर झाला, आणि आला तो ठोका नव्हता, मुसळ नुसतं खाली पडलं होतं. तिनं पदर सारखा केला. परत एक, दोन, तीन. परत सातवा हलका. परत पदर.

मी हात उचलला नाही. अजून दोन फेऱ्या मोजल्या. मला वाटलं आपण चुकलो असू. चुकलो नव्हतो. वर्षभर ही बाई माझ्या शेजारी झोपत होती. पाणी भरत होती, धुणी धूत होती, माझी मूठ कुटत होती, आणि दर आठव्या ठोक्याला पदर सारखा करून मला फसवत होती.

"किती दिवस झाले?" मी विचारलं.

"काय न्हाय वो," ती म्हणाली. आणि रडायला लागली.

"काही नाही असं म्हणून हात थांबत नाही," मालक म्हणाले. "उद्या तीन वाजता तयार राहा."

तीन म्हणजे सकाळचे नऊ. माझी पहिली पाळी होती, सातचा भोंगा. मी पाळी चुकवली नाही. खाडा पडला असता. हे मी लिहून ठेवतो, कारण ते खरं आहे. माझ्या बायकोला दवाखान्यात टांग्यातून मालक घेऊन गेले. खाकी चड्डीवर त्यांनी कोट घातला होता आणि हातोडी बरोबर होती.

तिथं काय झालं ते मला तिनंच संध्याकाळी सांगितलं, भाकरी थापता थापता. डॉक्टर तरुण होता. त्यानं छातीला नळी लावली, काढली, मग परत लावली. विचारलं, लहानपणी सांधे सुजून ताप आला होता का? आला होता. त्या तापानं हृदयाची एक झडप आखडली होती. रक्त पुढं जायला वाट अरुंद झाली होती. म्हणाला, "ह्या अशा हालतीत दिवस गेले असते तर आई आणि मूल, दोघंही हाताला लागली नसती. कुणी पाठवलं तुम्हाला?"

"ह्यांनी. शेंगा कुटताना," ती मालकांकडं हात करून म्हणाली.

डॉक्टरला आधी समजलंच नाही. समजल्यावर तो मालकांकडं बघत राहिला. मालक म्हणाले, "ते एकदा मला ऐकू द्याल?" आणि त्या डॉक्टरनं आपल्या कानातली नळी काढून ह्या चड्डीवाल्या म्हाताऱ्याच्या कानात घातली. बाकीचे पेशंट बघत होते. मालकांनी डोळे मिटले. ती सांगायची, एवढा वेळ ऐकत होते की मला वाटलं झोपले. मग म्हणाले, "उताराला लागलेली गाडी आहे. ब्रेक अर्धवट लागलाय, चाक घासतंय. टप् नंतर गुर्रर्र, टप् नंतर गुर्रर्र. बरोबर?"

डॉक्टर म्हणाला, "हे ऐकायला आम्हाला सहा वर्षं शिकवतात."

"तीस वर्षं लागली मला," मालक म्हणाले आणि नळी पुसून परत दिली.

पुण्याला तिचं ऑपरेशन झालं. त्या वेळी मी गेलो, महिनाभर खाडे पडले, पडू दिले. तिच्या डाव्या छातीखाली चंद्रकोरीसारखा व्रण राहिला. परत आलो तेव्हा अंगणात शेगडी पेटलेली होती. मालक मला म्हणाले, "दोन मुठी." मी बसलो आणि पहिल्यांदा उखळाला हात लावला. घाम फुटला मला. बायको बाजेवर पांघरूण घेऊन बसली होती. मालकांनी तिला खाली बसवलं, तिचा तळहात फरशीवर ठेवला. "बघा, कसे वाजतात."

"लई आदळत्यात," ती म्हणाली. "पर तडा न्हाय."

मालक मोठ्यानं हसले. त्यांना हसताना मी तेवढंच पाहिलं.

पुढं तिला बरं वाटल्यावर त्यांनी नवा नियम केला. एक मूठ माझी, ती मी कुटायची. एक तिची, ती तिनंच कुटायची, आणि तेव्हा मी फरशीवर हात ठेवून मोजायचं. ती म्हणायची, "आता मी बरी झाले की वो मालक, आता कशाला?" ते म्हणायचे, "चाक नवं घातलं तरी पुढच्या स्टेशनात ठोकून बघतातच."

एक दिवस तिनं त्यांना सरळ विचारलं. चाळीत सगळे मागून बोलायचे की म्हाताऱ्याची तिकडं काळी बायको होती, तिनंच हे कालवण शिकवलं. समोर कुणी विचारलं नव्हतं. ही बसली चुलीपुढं आणि म्हणाली, "मालक, ह्ये शिकवलं ती तुमची कोन लागत हुती?"

मी म्हटलं, आता हा माणूस हातोडी घालतो डोक्यात.

मालक पळी हलवत होते. हलवणं थांबलं नाही. म्हणाले, "रेल्वेच्या कुंपणाला लागून तिची झोपडी होती. रात्रपाळी करून मी यायचो तेव्हा ती शेंगा कुटत असायची. आवाजावरून मला कळायचं की आज किती माणसं जेवायला आहेत. एक मूठ जास्त असायची. ती माझी असायची." मग म्हणाले, "तिचा ठोकाही एक दिवस बसका आला होता, बाई. मला कळलं होतं. मी म्हटलं, उद्या विचारू."

त्या दिवशी त्यांचं ताट माझ्या बायकोनं वाढलं.

गाडीचं एक चाक सुटलं नाही म्हणणारा माणूस. मी त्यांच्याकडं त्या दिवसानंतर बघायचो तेव्हा मला भीती वाटायची. वाईट भीती नव्हे. देवळात मोठी घंटा एकदम वाजली की छातीत होतं तशी.

आमच्या पोराला दात आले त्या उन्हाळ्यात मालक गेले. दुपारी बाजेवर झोपले ते उठले नाहीत. पेठेतली किती माणसं आली, त्या नगरपालिकेच्या माणसानं तर खांदा दिला. हातोडी त्यांनी आधीच बायकोला देऊन ठेवली होती. मला नाही, तिला. माझे कान तोवर आणखी गेले होते. हाक मारून मारून तिचा घसा बसायचा. मग तिनं त्या हातोडीचा उपयोग काढला. जेवायला वाढलं की जमिनीवर दोन ठोके द्यायची. ते मला पायात कळायचे. गिरणी बंद पडली, मी घरी बसलो, चाळ पाडली, पोरानं गावाबाहेर जुळे सोलापूरच्या वस्तीत घर बांधलं, तरी दोन ठोके आले की मी उठून ताटावर जायचो.

चाळ पाडताना उखळ तिनं खणून आणलं. रिक्षावाला दोनदा शिव्या घालून गेला. पण नव्या घरात ते मागच्या अंगणात पडून राहिलं. पोरानं पहिल्या पगारात मिक्सर आणला होता. त्यात शेंगा टाकल्या की दोन मिनिटांत लोणी. रविवारची कोंबडी तिनं कधी सोडली नाही, पण कुटणं सुटलं. ती म्हणाली, "लई कुटलं आयुष्यभर. आता पुरं." मलाही बरंच वाटलं. कंबर वाकवून बसायला नको, मोजायला नको. सुनेनं उखळात कोरफड लावली.

मिक्सर सगळ्यांसाठी सारखाच वाजतो. दमलेल्याचा आणि ताज्या माणसाचा त्यात फरक पडत नाही.

पाच महिन्यांमागं एका दुपारी ठोके आले नाहीत. मी वाट बघितली. भूक लागली म्हणून रागावलो, हेही खरं. उठून गेलो तर ती स्वयंपाकघरात भिंतीला टेकून बसलेली, मिक्सरचं भांडं मांडीत, त्यात शेंगदाणे. पदर नीट सारखा केलेला. डॉक्टर नंतर म्हणाला की बऱ्याच दिवसांपासून त्रास होत असणार. कुणाला काही बोलल्या नाहीत का? काय न्हाय, म्हणाली असती. विचारलं असतं तर. मी विचारलंच नाही. मालकांसारखंच माझंही झालं, त्यांचा उशीर तरी एका दिवसाचा होता.

परवा रविवारी मी मागच्या अंगणात गेलो. कोरफड उपटून एका डब्यात लावली. उखळ घासलं, तीनदा पाणी घातलं, उन्हात वाळवलं. मुसळ कुठं आहे ते सुनेला विचारावं लागलं. तिला ते कालवण आवडत नाही, तिला झणझणीत लागतं. ती म्हणाली, "मामा, मिक्सरात करून देते की." मी म्हटलं, "नको."

शेंगदाणे भाजले, पाखडले. मूठ भरली. माझा हात आता सुकलाय, पूर्वीएवढी मूठ भरत नाही. बसलो आणि कुटायला लागलो. एक, दोन, तीन. भुगा झाला. पुढं ओलसर व्हायच्या आतच मुसळ हलकं पडायला लागलं. मी थांबलो. धोतराचा सोगा सरळ केला. परत सुरू केलं. परत थांबलो, परत सोगा.

पायाखालच्या फरशीत कुणाची तरी पावलं कळली. वर बघितलं तर सून दारातून येऊन उभी होती, हाताला पीठ. मोठ्यानं, मला ऐकू जाईल असं बोलली, "मामा, सारकं सारकं का थांबताय?"

माझ्या तोंडात आलंच होतं. काय न्हाय. चाळीस वर्षं ऐकलेलं, जिभेवर तयार होतं.

"दमलोय गं," मी म्हणालो.

"मग सांगायचं न्हाय व्हय?" ती म्हणाली. पदराला हात पुसले, ताटलीतली शेंगदाण्यांची एक मूठ भरून उखळात टाकली, माझ्या हातातलं मुसळ काढून घेतलं आणि खाली बसली.

मी सरकून बाजूला झालो. तळहात फरशीवर ठेवला आणि मोजायला लागलो. सात सरळ आला. आठ सरळ आला. नऊ, दहा, अकरा. मी हात उचलला नाही.